डोळे फुल्यांवर

३ तारीख, सोमवार

पोचले एकदाची. प्रवास झकास झाला. खिडकीची जागा मिळाली आणि शेजारची बाई सगळी वाट झोपून होती, त्यामुळे कुणाच्या सुनेची गाऱ्हाणी ऐकावी लागली नाहीत. टॅक्सीवाल्याने न चुकता दारात आणून सोडलं.

ठकी खालीच उभी होती. उजवा हात प्लास्टरमध्ये, गळ्यात झोळी आणि तोंडभर हसू. ठकी म्हणजे माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी. लहानपणी कुठंही बसवली की बाहुलीसारखी टक लावून बघत बसायची, म्हणून ठकी. आता पस्तिशी आली तरी तेच चाललंय. दिवा लावताना शिडीवरून पडली. बहिणीच्या गुडघ्याचं नुकतंच ऑपरेशन झालंय, तिला जिना चढवत नाही. मग काय, अक्का आहेच. अक्का म्हणजे मी. जन्मभर ड्रायक्लीनच्या दुकानात रफू केलं, गेल्या वर्षी दुकान बंद झालं, तेव्हापासून हात नुसते मांडीवर. बोलावणं आलं तेव्हा खरं सांगायचं तर बरंच वाटलं.

घर वरच्या मजल्यावर आहे. मागे झोपायची खोली आणि स्वयंपाकघर, पुढे मोठी खोली, तिथं तिचं काम. खाली घरमालक राहतात. माझी पिशवी त्यांनी वर आणून दिली आणि म्हणाले, बरं झालं आलात, ही पोरगी हवेवर जगते. माणूस आवडला मला. ओटा चकचकीत आहे, कारण त्यावर कधी काही शिजतच नाही. फ्रिजमध्ये अर्धं लिंबू आणि रंगाच्या बाटल्या, एकाच कप्प्यात. भाजी आणली, भात टाकला. दोघी पोटभर जेवलो.

दिवसाच्या चार ओळी लिहायची सवय दुकानापासूनची आहे. सातवीपर्यंतच शिकले, पण माझं अक्षर मला लागतं, बास झालं.

४ तारीख, मंगळवार

आज तिचं काम बघितलं. भिंतभर तीच. कोळशाने काढलेली ठकी, रंगातली ठकी, फाडून परत चिकटवलेली ठकी. एका पडद्यावर ठकी चालत येते आणि तिच्या तोंडावर दुसऱ्या ठकीचं तोंड दिव्याने पाडलेलं. मी म्हटलं, एकटी राहतेस म्हणून आमचा तिकडे जीव टांगणीला लागलेला, इथं तर वऱ्हाड उतरलंय. ती हसली. हसली की अजून तशीच दिसते, आधी डोळे हसतात आणि मग तोंड.

मुख्य काम म्हणजे रोजचा फोटो. खुर्ची जमिनीला स्क्रूने पक्की. समोर कॅमेरा, त्याचे पायही पक्के. शेजारी छोटा पडदा आणि त्यावर दोन लाल फुल्या. सकाळी राखाडी शर्ट घालायचा, केस मागे ओढून बांधायचे, खुर्चीत बसायचं आणि पडद्यात आपले डोळे बरोबर त्या फुल्यांवर आणायचे. हसायचं नाही, रडायचं नाही. हातातलं बटण दाबायचं. दिवसाला एकच. असे सहा वर्षांचे फोटो एकामागोमाग पळवले की सिनेमा होतो. डोळे जागच्या जागी आणि बाकीचं तोंड त्यांच्याभोवती वितळत राहतं. गाल भरतात, उतरतात, केस लांब होतात, आखूड होतात. अर्ध्यातच मी खिडकीबाहेर बघायला लागले. 

कशासाठी हा उपद्व्याप, असं विचारलं. म्हणाली, आपण मी मी म्हणतो, त्यातली मी नक्की कोणती ते बघायचंय. मी म्हटलं, सहा वर्षं स्वतःचं तोंड बघून जे कळलं नाही ते सातव्या वर्षी काय कळणार? यावरही हसली. पुढच्या महिन्यात सिनेमा मोठ्या प्रदर्शनात लागणार आहे. एकही दिवस चुकलेला नाही, म्हणून तर त्याला मान, असं तिचं म्हणणं.

६ तारीख, गुरुवार

डोकं उठलं. एका हाताने दिवा हलवणं आणि खुर्चीत बसून पडद्यात बघणं तिला एकदम जमत नाही. म्हणून तिच्या जागी मी बसायचं, तिने दिवा इकडे-तिकडे करायचा, उजेड जमला की मी उठायचं आणि ती बसणार. ऐकायला सोपं आहे. बसा जाऊन. मावशी, हनुवटी वर. मावशी, इतकी नको. मावशी, डावा डोळा बारीक करू नकोस. आता जन्मभर सुईत दोरा ओवला, तो डोळा आपोआप बारीक होतो, त्याला मी काय करू? एका फोटोपायी सकाळ गेली. चहाचं पाणी झालं. तेवढ्या वेळात मी दोन कोटांची भोकं बुजवली असती.

पडद्यात तोंडाभोवती हिरवी चौकट येते. माणूस सापडला की येते. दोन दिवस ती माझ्याभोवती माशीसारखी घिरट्या घालत होती, आज पटकन येऊन बसली. ठकी म्हणाली, बघ, तुमची ओळख झाली. मी म्हटलं, असल्या ओळखी मला नकोत. तर म्हणे, त्याला माणूस कुठे कळतो गं, फुल्यांवर डोळे कुणी आणले एवढंच कळतं.

९ तारीख, रविवार

ठकीला कालपासून सणकून ताप. डॉक्टरने फोनवर गोळ्या सांगितल्या, त्या दिल्या. सकाळी शुद्धीत आली ती फोटो, फोटो करत. उठायला गेली आणि पाय दुमडले. परत निजवली तर रडायला लागली. सहा वर्षांत पहिलं भोक पडलं म्हणे. पस्तीस वर्षांची घोडी एका फोटोसाठी रडते. मला राग आला. मग वाईट वाटलं. मग परत राग आला.

ती झोपल्यावर विचार केला. भोकच ना? भोकं बुजवण्यातच माझं आयुष्य गेलं. रफूचा नियम एकच. धागा त्याच कापडातला घ्यायचा, आतल्या शिवणीतून ओढून. बाहेरचा कितीही जुळता असला तरी उठून दिसतो. आता ही माझ्या सख्ख्या बहिणीची. कापड एकच की.

तिचा राखाडी शर्ट चढवला, केस मागे ओढले, खुर्चीत बसले, डोळे फुल्यांवर आणले आणि दाबलं बटण. पडद्यावर माझं सुरकुतलेलं थोबाड आलं, एक डोळा बारीक. असू दे. इतक्या फोटोंत हा एक, पापणी लवेपर्यंत निघून जाईल. तिला सांगणार नाही. उगाच चर्चा नको.

११ तारीख, मंगळवार

ताप काल उतरला, कालचा फोटो तिने माझ्या आधाराने बसून काढला. रविवारचा फोटो आहे हे बघून ठकी हरखली. तापाच्या भरात आपणच उठून काढला असं तिला वाटतंय. मी तिच्यापुढे पेज सरकवली.

दुपारी तिने सिनेमा लावला. मी डोळ्यांत तेल घालून शेवटाची वाट बघत बसले. माझं थोबाड आलंच नाही. परत लाव म्हटलं. परत लावला. रविवारच्या जागी ठकीच होती. राखाडी शर्ट, तापाने लाल डोळे आणि गळ्यात झोळी.

झोळी मी कुठे घातली होती?

आधी खूश झाले. म्हटलं, याला म्हणतात रफू, उलट्या बाजूनेसुद्धा कळत नाही. भांडी घासताना मात्र डोक्यात आलं, तिथं ती असेल तर मग मी गेले कुठे? बसले तर मीच होते.

१३ तारीख, गुरुवार

यंत्रांनी डोकं पिकवलंय. सकाळी ठकी खुर्चीत बसली तर हिरवी चौकट येईना. मी चहा घेऊन मागे उभी होते, ती येऊन माझ्या तोंडावर बसली. मला स्वयंपाकघरात पिटाळलं. मग चौकट गेलीच. तसाच फोटो काढला, तर तोंड ओल्या फडक्याने पुसल्यासारखं. कॅमेरावाल्याला बोलावलं. तो स्वतः बसला, चौकट आली. मला बसवलं, आली. म्हणाला, यंत्र ठणठणीत आहे, बाई हलतात. ठकीला एवढं लागलं ते. सहा वर्षं ती खुर्चीत दगडासारखी बसतेय आणि हा सांगणार बाई हलतात.

तिचा फोनही रुसलाय. तोंड दाखवलं की उघडायचा, आता उघडत नाही. नंबर दाबून दाबून ती कावली. टेबलावरून उचलून तिला द्यायला गेले तर माझ्या हातात उघडला. परत बंद केला, परत माझ्याकडे बघून उघडला. ठकी म्हणाली, तुझ्यावर जीव जडलाय त्याचा. दोघी हसलो. ती कमी हसली.

१४ तारीख, शुक्रवार

बहिणीचा फोन आला, तोंडं दिसतात तसला. ठकीचे हात कणकेत होते, एकच हात, पण सगळा बरबटलेला, म्हणून मी उचलला. तर ही बया मलाच म्हणते, ठके, किती वाळलीस गं, अक्का तुला खायला घालते की नुसती तोफ डागते? मी म्हटलं, अगं मीच अक्का, चष्म्याचा नंबर बदलून घे. तर खो-खो हसायला लागली. अक्काचा आवाज काय छान काढतेस म्हणाली. मी संतापले. जितकी संतापले तितकी ती हसली. डोळे पुसत म्हणाली, पुरे आता, तिला दे.

मी फोन ठकीसमोर धरला. ठकी आई, आई करत होती. बहीण म्हणाली, "भिंत कसली दाखवतेस? अक्का कुठंय?"

रेंजचा घोळ आहे म्हणून मी फोन बंद केला. ठकीने कणीक तशीच सोडली आणि हात धुऊन आरशासमोर जाऊन उभी राहिली. बराच वेळ. आरशात दिसतेस ना, विचारलं. दिसते, म्हणाली. मग झालं तर, म्हटलं. यंत्रांचं काय एवढं.

मला मात्र जेवण गेलं नाही.

१६ तारीख, रविवार

आज फुटलं सगळं.

ठकीने सकाळी सिनेमा लावला आणि मला हाक मारली. आवाज असा होता की मी गॅस चालू ठेवूनच धावले. पडद्यावर पहिल्या वर्षातली ठकी. गाल गोबरे, केस खांद्यापर्यंत. आणि डावा डोळा बारीक. दुसऱ्या वर्षी बारीक, तिसऱ्या वर्षी बारीक, सगळीकडे. सहा वर्षं तीच बाई समोर धरलेल्या सुईत दोरा ओवतेय.

हा डोळा माझा नाही, असं ती दोनदा म्हणाली. मग माझ्याकडे वळली.

"मावशी, त्या रविवारी खुर्चीत कोण बसलं होतं?"

सांगितलं. शर्ट, केस, बटण, सगळं. आदळआपट होईल असं वाटलं होतं, तेच बरं झालं असतं. ती नुसती खाली बसली. म्हणाली, तुला वाटलं मी भोकासाठी रडतेय. मी रोज तिथे जाऊन बसते म्हणून तिथे मी असते, एवढंच होतं माझ्याकडे.

मला यातलं अर्धंच कळलं. पण अर्ध्याने घाम फुटला. करायला गेले एक आणि झालं भलतंच. भाजी करपून कोळसा झाली, दोघींपैकी कुणालाच वास आला नाही.

१७ तारीख, सोमवार

मी म्हटलं, रडून काय होतं, चुकीचा टाका उसवायचा असतो. रविवारचा फोटो काढून टाक. तिलाही पटलं. तिने स्वतः पुसला. सिनेमा परत लावला.

रविवारपर्यंत ठकी, डोळा बारीक. मग एक काळी फट. मग पुढे सोमवार, मंगळवार, कालपर्यंत नुसती रिकामी खुर्ची. राखाडी शर्टसुद्धा नाही. मागची भिंत स्वच्छ दिसते.

पुसलेला परत आण म्हटलं. येत नाही.

प्रदर्शनवाल्या बाईंचा फोन आला. त्यांना थोडा भाग आधीच पाठवलाय. फार सुंदर झालाय म्हणाल्या, शेवटी माणूसच नाहीसं करायची कल्पना फार धाडसी. म्हणजे तिकडे गेलेलाही बदलला. शिव्या तोंडात आल्या होत्या, गिळल्या.

१८ तारीख, मंगळवार

प्लास्टर दाखवायला दवाखान्यात गेलो. बसलो होतो तर नर्सने ठकीचं नाव पुकारलं. दोघी आत. डॉक्टरने माझा उजवा हात हातात घेतला, मनगट दाबलं, वळवून बघितलं, छान जुळलंय म्हणाला, प्लास्टर कुणाकडून काढून घेतलंत? मी म्हटलं, डोळे फुटले का, ही शेजारी बसलीय प्लास्टर घेऊन. तो शेजारच्या खुर्चीकडे बघत राहिला. त्या खुर्चीत ठकी होती, हात पुढे करून. मग माझ्याकडे बघून हळू आवाजात म्हणाला, ताई, झोप नीट लागते का? नर्सने मला पाणी दिलं.

ताई. मी सत्तरीची. आरशात बघितलं, आहे तशीच आहे, दात गेलेले, मान लोंबलेली. मग यांना कोण दिसतंय?

येताना रस्त्यात दोन माणसं ठकीच्या अंगावर आली. धक्का लागल्यावर चपापून आजूबाजूला बघू लागली. तिचा हात घट्ट धरून घरी आणली. प्लास्टर मीच कात्रीने कापलं. हात आतून पांढरा, सुकलेला, पण हात आहे. ऊन आहे. नखं आहेत. मला सगळं दिसतंय. अजून मला दिसतंय.

१९ तारीख, बुधवार

सरळ हिशोब केला. माझ्यामुळे झालं, तर मी गेले की थांबेल. कापडात नको तो धागा ओढून काढायचा. ठकी नको नको म्हणत होती, ऐकलं नाही. पिशवी भरली. खाली घरमालक झाडांना पाणी घालत होते. म्हणाले, निघालात का कुठे? मावशी गेल्या वाटतं तुमच्या, दिसल्या नाहीत चार-पाच दिवसांत. खमकी बाई होती. मी पिशवी उचलून स्टँड गाठला.

बस सुटली. जरा पुढे गेल्यावर ठकीचं तोंड आठवायला गेले —

येईना. नाक कसं, भुवया कशा. राखाडी शर्ट आठवतो, झोळी आठवते, वर गळ्यापासून काही नाही. जन्मली तेव्हा पहिल्यांदा मी उचलली होती तिला. ते गाठोडं आठवतं, त्यातलं तोंड नाही.

ओरडून बस थांबवली. ड्रायव्हर वाट्टेल ते बोलला. पळत आले, या वयात.

घरात शिरले तर कुणी नाही. खोल्या पालथ्या घातल्या. खुर्चीकडे तीनदा बघितलं असेन. चौथ्यांदा बघितलं तर ती खुर्चीतच बसलेली. म्हणाली, मावशी, मी मघापासून हाका मारतेय.

२० तारीख, गुरुवार

लिहून ठेवते म्हणजे जाणार नाही. कपाळ रुंद. उजव्या भुवईत केस नाहीत अशी बारीक रेघ. नाक बहिणीचं, शेंड्याला बसकं. वरचा ओठ पातळ. डोळे

डोळ्यांसाठी परत बघायला उठले.

आता कळलं कसं चालतं ते. बघत असले की ती असते. भाजी चिरायला मान खाली घातली की पुसट होते, आणि परत बघायला लागले की सावकाश जमते. प्रत्येक वेळी थोडी कमी जमते. सकाळी ती रेघ होती भुवईत. आता भुवई आहे, रेघ नाही.

बहिणीला फोन केला, तूच ये, तू आई आहेस, तुला दिसेल. तिने सगळं ऐकून घेतलं. मग रडायला लागली. ठके, अक्का गेली ते तुला फार लागलंय गं —

मी कधी गेले?

२१ तारीख, शुक्रवार

रात्रीतून कमी झाली. झोपलेच कशाला मी. एवढा डोळा लागला आणि —

आवाज आहे. हात आहे. तोंडाच्या जागी उजेड जास्त झालेल्या फोटोसारखं.

खुर्चीत बसवली. मागे उभी राहून तिचे गाल दोन्ही हातांनी धरले, कॅमेऱ्यासमोर. ठकीने बटण दाबलं. फोटोत ठकी आहे. उभी. दोन्ही हात हवेत, कुणाचं तरी तोंड धरल्यासारखे. म्हणजे उभी होते ती मी. बसलेलं कुणी नाही.

कॅमेरा उचलून आपटला. मला वाटलं काही होईल. काही झालं नाही. तुकडे झाडून काढायलाही मला तिच्यावरची नजर काढता येत नाही.

२२, शनिवार

समोरासमोर बसलोय, गुडघ्याला गुडघा लावून. नजर काढायची नाही असं ठरलंय. वहीकडे न बघता लिहितेय, ओळी एकीवर एक जात असतील, जाऊ देत. लिहिलं की जाग राहते.

सकाळपासून अशाच. परत जमायला लागलीय. नाक आलं. नाक बहिणीचं. मी म्हटलं बघ, यायला लागलीस. माझ्या नजरेत काय कमी आहे? सगळ्या यंत्रांच्या नाकावर टिच्चून

ओठ आले. बोलतेय. म्हणाली,

"मावशी, कुणी असं कधी बघितलंच नव्हतं माझ्याकडे. मीच बघत बसायचे."

मला आधी का नाही सांगितलंस, म्हटलं. तू कामात असायचीस, म्हणाली. खरंय. भाजी, भांडी, दिवा, बटण. आले तेव्हापासून हिच्याकडे नीट

डोळे झोंबतायत. भुवई येतेय. रेघ अजून नाही. रेघ आली की झालं, मग मी पाणी पिईन

पाणी भरलंय डोळ्यात. पुसायला हात मोकळा नाही. एकात पेन, एकात तिचा हात. पाण्यातून ती हलते. हलू नकोस म्हटलं. मी हलत नाही म्हणाली

हसतेय. आधी डोळे आणि मग — हो, तीच, तीच आहे. म्हणते, मिट गं मावशी, किती वेळ अशी

नाही. गप्प बस. नसते लाड नकोत. कुणी सांगितलं मला मिटायचंय, मी कुठे मिट